पिआत्सा : इटालियन नगरातील मोकळी जागा

‘पिआत्सा’ हा शब्द आपणांकडे बहुधा इंग्रजी ग्रंथांच्या द्वारे येतो आणि ‘चौक’ असा त्याचा अनुवाद करून आपण पुढे जातो. अनुवाद चुकीचा नाही. पण तो पुरा पडत नाही. चौक म्हटला म्हणजे रस्ते एकमेकांस छेदतात ते स्थळ डोळ्यांपुढे येते. तेथे माणसे येतात ती पलीकडे जाण्यासाठी. इटलीच्या जुन्या नगरांतील पिआत्सा ही पलीकडे जाण्याची जागा नव्हे, येऊन थांबण्याची जागा आहे. रस्ते तिला छेदून जात नाहीत. तिच्यापाशी येऊन संपतात. कामिल्लो सिट्टे ह्या व्हिएन्नाच्या वास्तुविशारदाने १८८९ साली नगररचनेवर जो ग्रंथ लिहिला, त्यात इटलीतील जुन्या पिआत्सांचे बारकाईने निरीक्षण केले आहे. रस्ते बहुधा कोपऱ्यांतून आणि तेही भिन्न दिशांनी आत येतात. त्यामुळे आत उभ्या राहिलेल्या माणसास बाहेरचे दूरवर काही दिसत नाही, भोवताली भिंतींचे सलग कडे दिसते. कारंजी व पुतळे बाजूंस उभे असतात, मध्य मोकळा असतो. घरातील दिवाणखाना जसा भिंतींनी सिद्ध होतो, तशी ही जागा सिद्ध होते; फरक इतकाच, की हिला छप्पर नाही आणि धनी नाही.

शब्दाचे कूळ पाहण्यासारखे आहे. लॅटिन ‘प्लातेआ’पासून तो निघाला आणि लॅटिनने तो ग्रीकांच्या ‘रुंद रस्ता’ ह्या अर्थाच्या शब्दावरून घेतला. रुंद ह्या अर्थाचा तो ग्रीक ‘प्लातुस’ आणि आपला संस्कृत ‘पृथु’ हे एकाच कुळातले. स्पॅनिश ‘प्लाझा’, फ्रेंच ‘प्लास’ आणि गोमंतकीय वाचकांच्या परिचयाचा पोर्तुगीज ‘प्रासा’ ही ह्याच शब्दाची भावंडे होत. व्हेनिस मात्र ह्या बाबतीत सोवळे पाळते. तेथे ‘पिआत्सा’ हे नाव जुन्या काळापासून एकट्या सान मार्कोच्या प्रांगणास. इतर सर्व मोकळ्या जागा ‘कांपो’, म्हणजे शेत किंवा माळ, कारण एके काळी त्यांवर गवत उगवत असे. छोटा कांपो तो ‘कांपिएल्लो’.

इटालियन भाषेत ह्या शब्दाभोवती जे वाक्प्रचार जमले आहेत ते मराठी वाचकास ओळखीचे वाटतील. घरातली गोष्ट ‘पिआत्सात मांडणे’ म्हणजे आपले चव्हाट्यावर मांडणे. ‘पिआत्सात उतरणे’ म्हणजे आपले रस्त्यावर उतरणे. पहिल्यात लाज आहे, दुसऱ्यात संताप आहे. दोहोंत गृहीत धरलेली गोष्ट एकच : तेथे जे घडते ते सर्वांच्या देखत घडते.

परंतु असे स्थान आपोआप निर्माण होत नाही. तटबंदीच्या आत दाटीवाटीने वसलेल्या नगरात हातभर जमिनीलाही मोल असते. अशा ठिकाणी एवढी मोठी जागा रिकामी राहते ती कोणीतरी रिकामी केली म्हणून आणि कोणीतरी ती रिकामी राखली म्हणून. म्हणून कोणत्याही पिआत्साविषयी विचारण्याजोगा खरा प्रश्न तिच्या सौंदर्याचा नव्हे. ती कोणी मोकळी केली, कशासाठी केली आणि नंतर ती कोणी भरून टाकली, हे प्रश्न विचारले म्हणजे इटलीच्या इतिहासाचा बराच भाग हाती लागतो.

बहुतेक नगरांत अशा जागा तीन प्रकारच्या आढळतात : मुख्य चर्चपुढची, नगरशासनाच्या वाड्यापुढची आणि बाजाराची. कोठे त्या वेगळ्या, कोठे एकमेकींस लागून. पादुआ येथे तेराव्या शतकातील न्यायसभेचा प्रचंड वाडा एका बाजूस भाजीची पिआत्सा व दुसऱ्या बाजूस फळांची पिआत्सा घेऊन उभा आहे. त्याच्या कमानीखाली नगराची अधिकृत मापे दगडात कोरलेली आहेत, म्हणजे गिऱ्हाइकास विक्रेत्याचे माप जागच्या जागी ताडून पाहता यावे. वाड्यात एक काळा दगडही आहे. दिवाळे निघालेल्या कर्जदारास अंगावरचे कपडे उतरवून त्या दगडावर सर्वांसमक्ष तीनदा बसावे लागे आणि आपल्या मालमत्तेवरचा हक्क सोडल्याचे बोलून दाखवावे लागे. एवढी लाज सोसली की तुरुंगवास टळे. चव्हाट्यावर येणे ही तेथे अलंकारिक भाषा नव्हती, कायद्याने नेमलेली शिक्षा होती.

कायद्याने घडविलेल्या पिआत्साचे सर्वांत स्पष्ट उदाहरण सिएनाचे. १२८७ ते १३५५ ह्या काळात तेथे ‘नवांचे शासन’ होते; व्यापारी वर्गातून नऊ जण अल्प मुदतीसाठी निवडले जात. ह्या शासनाने १२९७ साली आपल्या वाड्याचे बांधकाम सुरू केले आणि त्याच वर्षी नियम केला, की कांपोकडे तोंड असलेल्या घरांच्या खिडक्या लहान स्तंभांनी विभागलेल्या असाव्यात आणि त्यांना पुढे आलेले सज्जे नसावेत. घर ज्याचे त्याचे, पण त्याचा दर्शनी भाग नगराचा, असा त्या नियमाचा अर्थ. सज्जा ही वरवर पाहता किरकोळ बाब. परंतु प्रत्येक श्रीमंत घराने दोन दोन हात पुढे येण्याचे ठरविले असते तर पन्नास वर्षांत कांपोचे काय झाले असते ह्याची कल्पना, ज्यांनी आपल्या गावातील रस्ते ओट्या-पायऱ्यांनी अरुंद होताना पाहिले आहेत, त्यांना सहज करता येईल.

कांपोचा आकार शिंपल्यासारखा. जमीन वाड्याकडे उतरत जाते. चौदाव्या शतकाच्या पूर्वार्धात तिच्यावर तांबड्या विटांची फरसबंदी झाली आणि पांढऱ्या दगडाच्या पट्ट्यांनी तिचे नऊ भाग पाडण्यात आले. नवांच्या शासनाची ती खूण. शासन १३५५ साली कोसळले, पट्टे राहिले. वाड्यातील सभागृहात आंब्रोजो लोरेन्झेत्तीने १३३८-३९ मध्ये सुशासन व दुःशासन ह्यांची भित्तिचित्रे काढली. सुशासनाच्या नगरात मोकळ्या जागेत फेर धरून नाचणारी मंडळी आहेत, चांभार आपल्या कामात आहे, गुरू शिष्यांस शिकवीत आहे. दुःशासनाच्या नगरात भिंती ढासळल्या आहेत आणि बाहेर दिसतात ती शस्त्रे व त्यांच्यापुढे सापडलेली माणसे. नऊ शासक रोज ह्या चित्रांखाली बसून निर्णय घेत. आपण चुकलो तर खालच्या कांपोत काय दिसेल, हे त्यांच्या डोळ्यांपुढे रंगवून ठेवलेले होते.

ह्याच शासनाची आणखी एक कृती आपणां भाषेच्या उपासकांनी ध्यानात ठेवण्यासारखी आहे. १३०९-१० मध्ये नगराच्या कायद्याचा संपूर्ण ग्रंथ लॅटिनमधून लोकभाषेत उतरविण्यात आला. तो मोठ्या, सहज वाचता येईल अशा अक्षरांत लिहावा आणि ज्यांना लॅटिन येत नाही अशा गरिबांस व इतर लोकांस तो पाहता यावा, अशी आज्ञा होती. मोकळी जागा आणि लोकभाषेतील कायदा ही दोन्ही एकाच पिढीत, एकाच शासनाकडून आली. हा योगायोग नसावा, असे मला वाटते.

आता फ्लॉरेन्सकडे वळू. तेथील पिआत्सा देल्ला सिन्योरिया आज पुतळ्यांनी भरलेली, चित्रपत्रांवरून सर्वपरिचित झालेली आहे. तिचा जन्म मात्र सूडातून झाला. तेराव्या शतकात फ्लॉरेन्स पोपपक्षीय ग्वेल्फ आणि सम्राटपक्षीय गिबेलीन ह्यांच्या वैरात होरपळत होते. उबेर्ती हे गिबेलीनांचे अग्रगण्य घराणे. १२६० च्या मोन्तापेर्तीच्या लढाईत सिएना व गिबेलीन ह्यांनी फ्लॉरेन्सचा पराभव केला. पुढे पारडे फिरले, उबेर्ती हद्दपार झाले आणि त्यांची घरे जमीनदोस्त करण्यात आली. १२९९ साली नगरशासनाचा वाडा बांधावयास घेतला तेव्हा त्याचा एक दगडही त्या ‘द्रोह्यां’च्या जमिनीवर पडू नये अशी दक्षता घेतली गेली, आणि ती घरे पुन्हा कधीही उभी राहू नयेत म्हणून ती जागा पिआत्सा करण्यात आली, असे जोव्हान्नी व्हिल्लानी हा त्या काळचा बखरकार सांगतो. त्यापायी वाडा काटकोनात न येता तिरका झाला, ह्याबद्दल तो नाराजीही नोंदवितो. आज प्रवासी ज्या मोकळेपणाचे कौतुक करतात तो मोकळेपणा म्हणजे एका कुटुंबाच्या घरांचा खळगा आहे.

ह्याच उबेर्ती घराण्यातील फारिनाता दान्तेला नरकात भेटतो. मोन्तापेर्तीनंतर विजयी पक्षाने फ्लॉरेन्स नगर मुळासकट उद्ध्वस्त करण्याचा बेत केला असता एकट्या फारिनाताने त्यास उघड विरोध केला होता. आपल्या वंशजांविषयी फ्लॉरेन्स इतके निष्ठुर का, असा त्याचा दान्तेला प्रश्न आहे. दान्ते स्वतः ग्वेल्फ. पण हे काव्य लिहिताना तोही हद्दपार होता. १३०२ साली त्याच नगराने त्यालाही बाहेर घातले होते. रिकाम्या केलेल्या घरांचा अर्थ त्याला कोणी सांगावयास नको होता.

विरुद्ध पक्षाचा, फ्लॉरेन्स नष्ट करावे असे म्हणणारा सिएनाचा पुढारी प्रोव्हेन्झान साल्व्हानी हाही दान्तेच्या काव्यात आहे. पण तो नरकात नाही, शुद्धिलोकात आहे, गर्विष्ठांच्या पायरीवर. आयुष्याच्या अखेरीपर्यंत पश्चात्ताप न केलेला हा माणूस इतक्या लवकर येथवर कसा पोहोचला, असे दान्ते विचारतो. उत्तर मिळते ते असे. प्रोव्हेन्झानचा एक मित्र आंजूच्या चार्ल्सच्या बंदिवासात होता. खंडणी भरल्यावाचून तो सुटणार नव्हता. तेव्हा वैभवाच्या शिखरावर असलेला हा मानी पुरुष सर्व लाज बाजूस सारून सिएनाच्या कांपोत उभा राहिला आणि त्याने नगरवासीयांपुढे हात पसरला. त्या एका कृत्याने त्याला पुढची वाट मोकळी झाली. आणि भीक मागताना रक्त कसे थरथरते हे तुझे शेजारी तुला लवकरच कळू देतील, असे ही कथा सांगणारा आत्मा दान्तेलाच सुचवितो. इटालियन वाङ्मयात पिआत्सा किती खोल गेली आहे हे कळण्यास ही एक कथा पुरेशी आहे. हेच कृत्य बंद दाराआड, दोन सावकारांपुढे झाले असते तर पैसा कदाचित तितकाच मिळाला असता. पण दान्तेच्या हिशेबी त्याचे पुण्य झाले नसते. गर्व सर्वांच्या देखत केला होता, तो सर्वांच्या देखतच मोडावयास हवा होता.

पिआत्साविषयी लिहिणारे पुष्कळ लोक तिला लोकशाहीचे माहेर ठरवून मोकळे होतात. फ्लॉरेन्सचा इतिहास त्यांनी वाचलेला नसावा. तेथे ‘पार्लामेन्तो’ म्हणून एक प्रथा होती. वाड्यातील मोठी घंटा वाजली की नागरिकांनी पिआत्सात जमावयाचे. (तिच्या हंबरण्यासारख्या नादामुळे लोक त्या घंटेस ‘गाय’ म्हणत.) मग वाड्यासमोरून प्रश्न विचारला जाई : नगराच्या व्यवस्थेसाठी अमुक जणांच्या समितीस सर्वाधिकार द्यावेत काय? लोक ‘होय’ म्हणून ओरडत. वर्णन ऐकताना हे फार उदात्त वाटते. प्रत्यक्षात पिआत्साच्या तोंडाशी शस्त्रधारी उभे असत आणि ‘नाही’ म्हणावयास आलेला माणूस आत येत नसे. १४३३ च्या सप्टेंबरात अशाच पार्लामेन्तोने नेमलेल्या समितीने कोसिमो दे मेदिची ह्यास हद्दपार केले. १४३४ च्या सप्टेंबरात दुसऱ्या पार्लामेन्तोने नेमलेल्या समितीने त्यास परत बोलाविले. पिआत्सा तीच, ‘होय’ तेच. मेदिचींना पुढे साठ वर्षे हे साधन उपयोगी पडले.

ह्या प्रथेचे खरे स्वरूप ओळखले ते साव्होनारोला ह्या धर्मोपदेशकाने. मेदिची १४९४ मध्ये पळून गेल्यावर त्याच्या प्रेरणेने नवी महासभा स्थापन झाली आणि १४९५ साली पार्लामेन्तो बोलाविणे कायद्याने बंद करण्यात आले. जनतेस पिआत्सात गोळा करणे म्हणजे जनतेच्या हातून सत्ता काढून घेणे होय, असे त्याचे म्हणणे होते. सभागृहात बसून, एकेक मत मोजून निर्णय व्हावा, ही त्याची भूमिका. त्यानेच १४९७ साली ह्या पिआत्सात चैनीच्या वस्तूंची होळी पेटविली, आणि १४९८ च्या २३ मे रोजी येथेच त्याला दोन सहकाऱ्यांसह फाशी देऊन जाळण्यात आले. त्या जागी आज एक गोल शिलालेख फरसबंदीत बसविला आहे. प्रवासी बहुधा तो तुडवून पुढच्या पुतळ्याकडे जातात.

पुतळ्यांचेही वाचन करता येते. १५०४ साली मायकेलँजेलोचा डेव्हिड वाड्याच्या दाराशी उभा करण्यात आला तो मेदिचीविरहित लोकराज्याचे प्रतीक म्हणून. (मूळ पुतळा १८७३ मध्ये संग्रहालयात हलविला; हल्ली दिसते ती प्रतिकृती.) १५९४ साली त्याच पिआत्सात ड्यूक पहिला कोसिमो घोड्यावर बसून अवतरला. शतकापूर्वी जेथे लोक ‘होय’ म्हणावयास जमत, तेथे आता काही विचारण्याचेच कारण उरले नव्हते.

सत्तेपेक्षा वाणीने भरलेली पिआत्सा पाहावयाची तर पुन्हा सिएनास गेले पाहिजे. १४२७ च्या उन्हाळ्यात संत बेर्नार्दिनो ह्याने कांपोत पहाटेपासून प्रवचने केली. त्यांपैकी पंचेचाळीस आज उपलब्ध आहेत. ती टिकली कशी? बेनेदेत्तो नावाच्या, कापडाची लव कातरण्याचा धंदा करणाऱ्या एका कारागिराने ती मेणाच्या पाट्यांवर आपल्या लघुलिपीत जशीच्या तशी टिपून घेतली आणि मग घरी जाऊन कागदावर उतरविली. त्यात विषय सोडून मध्येच एखाद्या श्रोत्यास केलेली सूचना, एखाद्या डुलकी घेणारीस मारलेली हाक, असे सारे आले आहे. पंधराव्या शतकातील बोलीचा इतका जिवंत नमुना विद्वानांच्या लेखण्यांनी ठेवलेला नाही.

नाटकाने तर पिआत्साच उचलून रंगभूमीवर आणली. सेबास्तिआनो सेर्लिओ ह्याने १५४५ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात रंगमंचाच्या तीन आदर्श रचना दिल्या आहेत. शोकान्तिकेसाठी राजवाड्यांनी वेढलेला मार्ग आणि सुखान्तिकेसाठी सामान्य लोकांच्या घरांनी, दुकानांनी वेढलेली नगरातील मोकळी जागा. मॅकिआव्हेलीच्या ‘मान्द्रागोला’ ह्या नाटकाच्या प्रास्ताविकात प्रेक्षकांना ही अमक्याचे दार, ही अमकी गल्ली असे नगर दाखवूनच कथेस आरंभ होतो. ह्याचे एक व्यावहारिक कारण आहे. कोणी कोणासही जेथे योगायोगाने भेटू शकतो अशी जागा नाटककारास हवी असते, आणि इटालियन नगरात ती तयार होती.

कार्लो गोल्दोनी ह्याने अठराव्या शतकात ही कल्पना पूर्णत्वास नेली. ‘इल व्हेन्ताल्यो’ म्हणजे ‘पंखा’ ह्या त्याच्या सुखान्तिकेत पडदा उघडतो तेव्हा एका खेड्याच्या पिआत्सात बहुतेक सर्व पात्रे एकाच वेळी उपस्थित असतात, आणि प्रत्येक जण मुकाट्याने आपापल्या कामात असतो. मग एक मोडलेला पंखा, त्याऐवजी घेतलेला दुसरा पंखा आणि तो कोणी कोणाला दिला ह्याविषयीची कुजबुज. एवढ्यावर तीन अंक उभे राहतात. पिआत्सात गुपित टिकत नाही आणि सत्यही धड पोहोचत नाही, हा त्यातला विनोद.

त्याच्या ‘इल कांपिएल्लो’ (१७५६) ह्या नाटकाचे तर स्थळच नायक आहे. व्हेनिसमधील एक लहानसे अंगण, भोवती गरिबांची घरे, खिडक्याखिडक्यांतून चाललेली भांडणे व सोयरिकी. येथे व्हेनिसच्या कांपोंची एक रचना सांगितली पाहिजे. चोहीकडे पाणी असूनही ह्या नगरास पिण्याचे पाणी नव्हते. म्हणून कांपोच्या फरसबंदीखाली चिकणमातीने लिंपलेला मोठा खड्डा करून तो वाळूने भरीत आणि मध्यभागी विटांची विहीर बांधीत. पावसाचे पाणी फरशीतील छिद्रांवाटे वाळूत उतरे, गाळले जाई आणि विहिरीत साचे. १८८४ साली नळाचे पाणी आले तोपर्यंत व्हेनिस ह्यावरच जगले. कोरीव दगडी काठ असलेल्या त्या विहिरी आजही कांपो-कांपोत दिसतात. तेव्हा कांपो ही केवळ गप्पांची जागा नव्हती, शेजाऱ्यांची सामाईक टाकी होती. ती मोकळी व स्वच्छ ठेवणे हा जीवनाचा प्रश्न होता. आणि पाणी भरणे आले तेथे बायका आल्या, हे निराळे सांगावयास नको.

कारण एरवी, विशेषतः मोठ्या पिआत्सांत, बायका नव्हत्या. सुखान्तिकांतील कुलीन स्त्री खिडकीत दिसते, नाहीतर चर्चच्या वाटेवर. सत्तेची पिआत्सा पुरुषांची आणि खिडकी स्त्रियांची, ही वाटणी शतकानुशतके चालली. दक्षिणेकडील खेड्यांत तर ती विसाव्या शतकापर्यंत कडक होती. पिआत्सा ‘सर्वांची’ असे लिहिताना हे विसरून चालणार नाही.

तोंडाने बोलण्याची सोय नसेल तेथे लोकांनी दगडाकडून बोलवून घेतले. रोममध्ये पिआत्सा नाव्होनाजवळ एक झिजलेला, हात तुटलेला प्राचीन पुतळा १५०१ साली एका कार्डिनलने उभा करविला. लोकांनी त्याचे नाव पास्क्विनो ठेवले आणि रात्री येऊन त्यावर पोप व दरबार ह्यांच्यावरील वात्रट कविता चिकटविण्यास सुरुवात केली. सहावा एड्रियन हा पोप इतका संतापला, की तो पुतळा टायबर नदीत फेकून देण्याचे त्याच्या मनात आले. पण तसे केल्याने बोभाटा वाढेल अशी समजूत सल्लागारांनी घातल्याचे सांगतात. पुतळा तेथेच आहे आणि अजूनही त्याच्यापाशी कागद चिकटविले जातात.

पिआत्सातील जमाव नेहमी सुज्ञ असतो असे मात्र इटालियन लेखकांनी कधी मानले नाही. मान्झोनीच्या ‘वाग्दत्त वधूवर’ ह्या कादंबरीत १६२८ सालच्या मिलानमधील भाकरीच्या दंग्याचे जे वर्णन आहे ते ह्या बाबतीत अजोड होय. भुकेलेला जमाव भट्टी लुटतो, लाकडी सामान मुख्य चर्चपुढील पिआत्सात नेऊन जाळतो, आणि ज्या भट्ट्यांतून भाकरी मिळावयाची त्याच आपण मोडीत आहोत हे त्याच्या लक्षात येत नाही. मग फेर्रेर हा स्पॅनिश अधिकारी बग्गीतून येतो. खिडकीतून डोके काढून तो लोकांना त्यांच्या भाषेत आश्वासने देतो. आणि पुटपुटतो स्पॅनिशमध्ये, गाडीवानास व ज्याला वाचविण्यास तो आला आहे त्यास, अगदी निराळेच. दोन भाषांतील हा दुटप्पीपणा मान्झोनीने हसत हसत टिपला आहे, पण मिलान परकीय सत्तेखाली असताना लिहिलेले हे हसू साधे नाही.

इटलीचे एकीकरण झाल्यावर गावोगावच्या पिआत्सांची नावे बदलली. मराठी वाचकांस मॅझिनी सावरकरांच्या १९०७ मधील ग्रंथामुळे घरचा वाटतो. इटलीत बहुतेक प्रत्येक गावी त्याच्या, गॅरिबाल्डीच्या आणि राजा व्हित्तोरिओ एमान्युएलेच्या नावाची पिआत्सा आहे. हयातभर प्रजासत्ताकवादी राहिलेला मॅझिनी आणि राजा हे असे शेजारी शेजारी नांदतात. १९४६ मध्ये राजेशाही गेल्यावर कित्येक राजांच्या पिआत्सा ‘प्रजासत्ताका’च्या झाल्या. फ्लॉरेन्समधील अशा एका पिआत्सासाठी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस जुना बाजार आणि ज्यूंची वस्ती पाडण्यात आली होती. भव्यतेसाठी पाडलेल्या त्या वस्तीपेक्षा नवी पिआत्सा मला तरी निर्जीव वाटते.

फॅसिझमने पिआत्साची जुनी विद्या, म्हणजे पार्लामेन्तोची विद्या, ध्वनिवर्धकाच्या साहाय्याने पुन्हा हस्तगत केली. १९३५ च्या २ ऑक्टोबरला रोमच्या पिआत्सा व्हेनेत्सियातील सज्ज्यातून मुसोलिनीने अबिसीनियावरील युद्धाची ललकारी दिली, तेव्हा साऱ्या देशात घंटा व भोंगे वाजवून लोकांना आपापल्या पिआत्सात ती ऐकण्यासाठी जमविण्यात आले होते. सिएनाने जे सज्जे १२९७ मध्ये निषिद्ध ठरविले त्यांचे मोल येथे कळते. त्याच सुमारास लुकानियातील एका दरिद्री खेड्यात कार्लो लेव्ही हा चित्रकार राजकीय स्थानबद्ध म्हणून राहत होता. त्याचे ‘ख्रिस्त एबोलीपाशी थांबला’ (१९४५) हे पुस्तक शिक्षकांनी अवश्य वाचावे. खेड्यातील इवल्या पिआत्सात संध्याकाळी जमणारी ‘मोठी माणसे’, त्यांची पिढीजात वैरे, आणि त्यांच्याकडे न पाहता खालमानेने शेतावर जाणारे शेतकरी. गावचा सत्ताधारी हाच शाळामास्तर; वर्ग चालू असता तो सज्ज्यात उभा राहून धूम्रपान करीत गप्पा मारतो आणि तेथूनच छडीने मुलांना शिस्त लावतो. युद्धाची भाषणे ऐकण्यासाठी तो शेतकऱ्यांना पिआत्सात जमवितो. ते ऐकून घेतात आणि निघून जातात. त्यांच्या लेखी रोम हे परमुलखातील एक नाव होते. पिआत्सात उभे केलेले लोक पिआत्साचे झालेले नसतात.

ह्याहूनही अस्वस्थ करणारे चित्र लेओनार्दो शाशा ह्या सिसिलियन लेखकाने काढले. तो अनेक वर्षे प्राथमिक शिक्षक होता. १९६१ साली प्रसिद्ध झालेल्या त्याच्या ‘घुबडाचा दिवस’ ह्या कादंबरीचा आरंभ पहाटेच्या पिआत्सात होतो. बस सुटण्याच्या बेतात आहे. हरभऱ्याच्या पिठाच्या तळलेल्या वड्या विकणारा ओरडत आहे. एक माणूस धावत येऊन बसच्या पायरीवर पाय ठेवतो, दोन गोळ्या सुटतात, तो कोसळतो. पोलीस येईपर्यंत उतारू एकेक करून नाहीसे होतात. चालकाला कोण बसले होते ते आठवत नाही. वड्या विकणाऱ्यास शोधून आणतात, तर गोळीबार झाला होता काय असे तोच आश्चर्याने विचारतो. सर्वांच्या देखत घडले आणि कोणी पाहिले नाही. फरसबंदी, चर्च, घरे सारी जागच्या जागी आहेत. नाही ती साक्ष. साक्षीवाचून पिआत्सा ही केवळ मोकळी जमीन उरते, हे शाशाने चार पानांत दाखविले.

कादंबरीतले ते प्रत्यक्षातही अनुभवास आले. १९७४ च्या २८ मे रोजी ब्रेशा येथील पिआत्सा देल्ला लोज्जामध्ये फॅसिस्ट हिंसेच्या निषेधार्थ कामगार संघटनांची सभा चालू असता कचऱ्याच्या टोपलीत ठेवलेला बाँब फुटला. आठ जण मरण पावले. त्यांपैकी पाच शिक्षक होते. भाषणाचे ध्वनिमुद्रण चालू असल्यामुळे त्यात स्फोटाचा आवाजही आहे. दोन तासांच्या आत अग्निशामक दलाच्या नळांनी पिआत्सा धुऊन काढण्यात आली आणि तिच्याबरोबर पुरावाही वाहून गेला. पुढे तपास, खटले, निर्दोष सुटका, पुन्हा खटले असे चालत राहिले; दोघांची जन्मठेप अखेर कायम झाली ती २०१७ साली. स्फोटाने छिललेला खांब तसाच ठेवलेला आहे आणि दरवर्षी त्या दिवशी लोक तेथे जमतात.

दुसऱ्या महायुद्धानंतर पिआत्सांवर निराळेच संकट आले ते मोटारींचे. राजे, ड्यूक व हुकूमशहा ह्यांना जे जमले नाही ते मोटारींनी केले. पिआत्सा वाहनतळ झाल्या. सिएनाने १९६० च्या दशकातच आपला मध्यभाग मोटारींस बंद केला. नेपल्समधील भव्य पिआत्सा देल प्लेबिशितो मात्र १९९४ पर्यंत वाहनतळच होती. त्या वर्षी राष्ट्रप्रमुखांची परिषद भरावयाची होती म्हणून ती मोकळी झाली आणि मग नागरिकांनी ती परत दिली नाही. संध्याकाळी स्वच्छ कपडे करून पिआत्सात फेऱ्या मारण्याची ‘पासेज्जाता’ नावाची रीत लहान गावांत अजून आहे. तरुण फिरतात, म्हातारे बसून पाहतात. कॅल्व्हिनोच्या ‘अदृश्य नगरे’ (१९७२) मध्ये तारुण्यात स्वप्न पाहिलेल्या नगरात प्रवासी पोहोचतो तो वृद्धापकाळी, आणि पिआत्साच्या कठड्यावर बसलेल्या वृद्धांच्या रांगेतच त्याला जागा मिळते.

व्हेनिसची स्थिती ह्याहून बिकट आहे. १९५१ साली तेथील जुन्या नगरात सुमारे १,७५,००० माणसे राहत होती. २०२२ मध्ये ती संख्या ५०,००० च्या खाली गेली. घरे प्रवाशांच्या उतरण्यासाठी भाड्याने जातात, कारण त्यात उत्पन्न अधिक. सान मार्कोच्या पिआत्सात दिवसा पाऊल ठेवावयास जागा नसते. लहान कांपोंत विहिरींचे काठ आहेत, बाके आहेत, खिडक्याही आहेत. गोल्दोनीच्या बायका ज्या खिडक्यांतून भांडत, त्यांतील पुष्कळ खिडक्यांच्या झडपा हिवाळ्यात बंद असतात.